चेहरा त्याचा, आवाज कुणाचा : ज्याँ-लुई त्रँतिन्याँ प्रकल्प नोंदी

शनिवार, ४ मे २०२४

मंडळाची बैठक झाली आणि जूनचा कार्यक्रम माझ्या गळ्यात पडला. ३० जून, रविवार, सकाळी दहा. ज्याँ-लुई त्रँतिन्याँ या एका फ्रेंच नटावर दोन तास : त्याच्या सिनेमांतले आठ तुकडे, सगळे मिळून चाळीस मिनिटांच्या आत, बाकी वेळ मी बोलायचं. तुकड्यांना मराठी सबटायटल हवीत, ही अट माझीच. आमचे निम्मे सभासद सत्तरीच्या पुढचे आहेत. इंग्रजी ओळ वाचून होईतो पडद्यावरचा माणूस दार लावून गेलेला असतो.

सेक्रेटरी काका म्हणाले, "देलाँ ऐकलाय, बेलमोंदो ऐकलाय. हा कोण?"

म्हटलं, "काका, तुम्ही 'झेड' बघितलाय ना? त्यातला काळ्या चष्म्याचा न्यायाधीश."

"अरे, तो होय! तो कुठे काय करतो त्यात?"

बोलण्याची सुरुवात इथूनच करावी असं वाटतंय.

रविवार, ५ मे

टिपणाची पहिली बाजू, मुख्यतः तारखा. जन्म ११ डिसेंबर १९३०, फ्रान्सच्या दक्षिणेला वोक्लूझमधल्या पिओलँक गावी. काका मोरिस त्रँतिन्याँ मोटारशर्यतीतलं मोठं नाव, मोनॅकोची ग्रां प्री दोनदा जिंकलेला (१९५५ आणि १९५८). घरात गाड्यांचं वेड, पोरगा मात्र एक्स-आँ-प्रोव्हाँस शहरात (थोडक्यात एक्स) कायदा शिकत होता. तिथे शार्ल द्युलँनं रंगवलेला मोलिएरचा 'कंजूष' पाहिला आणि कायदा सुटला. पॅरिसला जाऊन नाटकाच्या वर्गात बसला. दोन अडचणी होत्या : भयंकर लाजाळूपणा आणि दक्षिणेकडचा हेल. हेल घासूनपुसून काढला. लाजाळूपणा तसाच राहिला, आणि पुढे त्याच्यावरच धंदा चालला.

१९५६ साली रोजे वादिमच्या 'ए दिय क्रेआ ला फाम'मध्ये ब्रिजित बार्दोचा बुजरा नवरा. सिनेमा जगभर गाजला तो बार्दोमुळे. याचं नाव झालं ते वर्तमानपत्रांच्या गप्पांच्या सदरात, कारण सेटवरचं प्रेम खरं निघालं. मग सक्तीची लष्करी सेवा. परत आला तेव्हा नव्याने सुरुवात, १९५९ साली पुन्हा वादिमकडेच. हा भाग दोन मिनिटांत उरकायचा. लोकांना बार्दो ऐकायला आवडेल, पण मग घड्याळ माझ्या हातात राहणार नाही.

शनिवार, ११ मे

तुकडे ठरले : 'इल सोर्पासो' (१९६२), 'अँ नॉम ए ऊन फाम' (१९६६), 'इल ग्रांदे सिलेंत्सिओ' (१९६८), 'झेड' (१९६९), 'मा न्वी शे मोद' (१९६९), 'इल कॉन्फोर्मिस्ता' (१९७०), 'रूज' (१९९४), 'आमूर' (२०१२).

यादी लिहून झाल्यावर एक गोष्ट डोळ्यांत भरली. आठांपैकी तीन इटालियन आहेत. आणि इटालियन सिनेमा त्या काळात आवाज नंतर भरायचा. चित्रण करताना कोण कुठल्या भाषेत बोलतोय याला महत्त्व नसे, नंतर स्टुडिओत कुणी इटालियन नट त्याच्या ओठांवर शब्द बसवत असे. म्हणजे 'सोर्पासो'त आणि 'कॉन्फोर्मिस्ता'त आपण ऐकतो तो आवाज याचा नाहीच. आणि तिसऱ्या इटालियन सिनेमात हा मुका आहे!

म्हातारपणी हाच माणूस रंगमंचावर नुसता उभा राहून, पुढे नजर गेल्यावर पाठांतरावर, प्रेव्हेर, व्हियाँ आणि देस्नोसच्या कविता म्हणत असे, आणि त्या आवाजासाठी लोक तिकीट काढून येत. ज्याचा आवाज ही फ्रान्सची ठेव मानली गेली, त्याची तीन नावाजलेली कामं त्या आवाजाविना. भाषणाला कणा मिळाला.

सोमवार, १३ मे

आज पुण्याचं मतदान. बोटाला शाई लावून घरी आलो आणि 'झेड'ला बसलो. योगायोग मी आणलेला नाही.

१९६३ साली सालोनिकात ग्रीक खासदार लाम्ब्राकिस यांचा खून झाला. तो 'अपघात' म्हणून दाबायचा प्रयत्न झाला. त्यावर वासिलिकोस यांनी कादंबरी लिहिली, तिच्यावरून कोस्ता-गाव्रासनं सिनेमा केला. ग्रीसमध्ये तेव्हा लष्कराचं राज्य, म्हणून चित्रण अल्जिअर्सला झालं, आणि परभाषी चित्रपटाचं ऑस्कर अल्जीरियाच्या नावावर लागलं. खऱ्या तपास न्यायाधीशाचं नाव सार्त्झेताकिस. ते पुढे १९८५ साली ग्रीसचे राष्ट्राध्यक्ष झाले. आपल्याकडे याच कादंबरीवरून दिबाकर बॅनर्जींनी २०१२ मध्ये 'शांघाय' केला. त्यात अभय देओल जे करतो, ते याच भूमिकेचं भावंड.

माझा तुकडा शेवटाकडचा. एकेक लष्करी-पोलिसी अधिकारी आत येतो, छातीवर पदकं. न्यायाधीश मान वर करत नाही. आवाज चढवत नाही. प्रत्येकाला तेच तीन शब्द : "नाँ, प्रेनाँ, प्रोफेसियाँ." शेजारी टाइपरायटर खडखडतोय.

शब्दशः : आडनाव, नाव, व्यवसाय. हे मराठीत शाळाप्रवेशाच्या अर्जासारखं वाजतं. तासभर घोळवलं. मग वकील मित्राकडे पाहिलेला पोलीस जबाबाचा मथळा आठवला : नाव, वय, धंदा, राहणार. 'धंदा'! जनरलसाहेबाला तोंडावर 'धंदा?' विचारायचं. ते तीन शब्द जनरलला चोरीमारीच्या आरोपीच्या रांगेत उभा करतात आणि मराठीत ते काम 'धंदा' जितकं करतो तितकं 'व्यवसाय' कधीच करणार नाही.

ओळ पक्की : "आडनाव, नाव, धंदा."

सबटायटल पडद्यावर सव्वा सेकंद. पुरतं.

रविवार, १९ मे

तांत्रिक बाब, पण लिहून ठेवतो, पुढच्या वेळी विसरीन. सबटायटलचं सॉफ्टवेअर सेकंदाला किती अक्षरं वाचायची ते मोजतं आणि जास्त झाली की ओळ लाल करतं. माझ्या सगळ्या ओळी लालभडक! दोन दिवस मी बिचारा काटछाट करत बसलो. मग कळलं, ते काना, मात्रा, वेलांटी, हलन्त सगळं वेगवेगळं मोजतं. 'स्त्री' हे आपल्या डोळ्याला एक अक्षर. त्याच्या हिशेबात सहा. कापलेल्या ओळी जुन्या फाइलीतून परत आणल्या आणि नियम बदलला : मी स्वतः मोठ्यानं, आईला वर्तमानपत्र वाचून दाखवतो त्या वेगानं वाचायचं. तेवढ्यात संपली तर ओळ बरोबर.

दुपारी 'मोद'. रोमेरचा सिनेमा, क्लेरमाँ-फेराँ गाव, नाताळ, बर्फ, अल्मेंद्रोसचं काळंपांढरं छायाचित्रण. हा इंजिनियर, श्रद्धाळू कॅथलिक. नाताळच्या मध्यरात्रीची प्रार्थना नाताळलाच चित्रित करायची हा रोमेरचा हट्ट, आणि त्या नाताळला त्रँतिन्याँ मोकळा नव्हता. रोमेर वर्षभर थांबला आणि मधल्या वेळात दुसरा सिनेमा करून घेतला. एका नटासाठी वर्ष. आमचं मंडळ एका प्रोजेक्टरवाल्यासाठी अर्धा तास थांबत नाही.

कॅफेतला प्रसंग. जुना मित्र व्हिदाल मार्क्सवादी, पण पास्कालची पैज त्याला पाठ : देव आहे यावर पैज लावली तर हरलो तरी फार जात नाही, जिंकलो तर अनंत. त्यावर आपला इंजिनियर शांतपणे म्हणतो, यालाच 'एस्पेराँस मातेमातिक' म्हणतात, लाभ गुणिले संभाव्यता.

अडलो. 'एस्पेराँस' म्हणजे आशा. गणितात त्याच शब्दाला आपण 'अपेक्षित मूल्य' म्हणतो. सगळा प्रसंग त्या एका शब्दाच्या दोन अर्थांवर उभा. देवाबद्दल बोलतोय की बीजगणिताबद्दल, हे त्यालाही सांगता येणार नाही. फ्रेंचच्या बाईंना फोन केला. (बाई निवृत्त शिक्षिका. माझ्या फ्रेंचची लाज त्यांनीच आजवर राखली.)

"अरे, 'गणिती आशा' लिही की."

"बाई, गणित शिकलेले हसतील."

"हसू देत. तो म्हणताना हसतोय का बघ."

परत पाहिलं. हसत नाही. पण ओठाच्या एका कोपऱ्याशी काहीतरी होतं, एका चौकटीपुरतं, आणि जातं. "गणिती आशा" ठेवलं.

सिनेमाच्या नावाचं काय करायचं हा वेगळाच प्रश्न. फ्रेंच उच्चार सरळ 'मोद'. 'मोदच्या घरी एक रात्र' वाचून काका म्हणाले, संकष्टीचा कार्यक्रम वाटतो.

रविवार, २६ मे

काल रात्री फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवातून बातमी : पायल कपाडियांच्या सिनेमाला ग्रां प्री पारितोषिक. फिल्म इन्स्टिट्यूटची मुलगी, म्हणून गावात सकाळपासून चहाच्या टपरीवरही तेच. तीस वर्षांत पहिल्यांदा भारतीय सिनेमा मुख्य स्पर्धेत होता. त्याआधीचा शाजी करुण यांचा 'स्वहम्', १९९४. आणि १९९४ च्या त्याच स्पर्धेत कीस्लोव्स्कीचा 'रूज' होता. तो रिकाम्या हातानं परतला.

त्रँतिन्याँनं कान आधीच जिंकलेलं होतं. १९६९ साली 'झेड'साठी सर्वोत्तम अभिनेता. त्याच वर्षी 'मोद'ही स्पर्धेत. त्याच्या आदल्या वर्षी बर्लिनला रॉब-ग्रिएच्या सिनेमासाठी रौप्य अस्वल. १९६६ ते १९७० ही पाच वर्षं म्हणजे या माणसाची सोन्याची खाण. रेसर, मुका बंदूकबाज, न्यायाधीश, श्रद्धाळू इंजिनियर, फॅसिस्टांचा हस्तक. पाचही ठिकाणी चेहरा जवळपास तोच. रंगभूषा नाही, चाल बदलणं नाही, फार तर एक चष्मा. आपल्याकडे 'अष्टपैलू' म्हटलं की दाढी आणि कुबड डोळ्यांसमोर येतं, त्याचा इथे काही उपयोग नाही.

आज 'सिलेंत्सिओ'. सेर्जियो कोर्बुच्चीचा बर्फातला वेस्टर्न, समोर क्लाउस किन्स्की, संगीत मोरिकोनेचं. नायकाचं नावच सायलेन्स, लहानपणी गळा चिरलेला, म्हणून मुका. सबटायटल फक्त इतरांची. मी निवडलेल्या साडेचार मिनिटांत किन्स्कीच्या बाजूच्या ओळी बावीस, याच्या शून्य. किन्स्की बोलत राहतो, आपण याच्याकडे बघत राहतो. काम पाऊण तासात संपलं. असे नट सबटायटलवाल्याला परवडतात.

रविवार, २ जून

भानगड. काकांचा सकाळी सात वाजता फोन. "अरे, तीसला पालखी आहे!" दोन्ही पालख्या त्या दिवशी पुण्यात. रस्ते बंद. आमचे ज्येष्ठ लोक हॉलपर्यंत पोचणार कसे, आणि खरं सांगायचं तर निम्मे पालखीलाच जाणार. कार्यक्रम एक आठवडा अलीकडे, २३ जून. माझे सात दिवस गेले. तक्रार कुणाकडे करणार, माउलींकडे?

'सोर्पासो' आज संपवायचाच. 'सोर्पासो' म्हणजे ओव्हरटेक. १५ ऑगस्टची इटलीतली मोठी सुट्टी, रोम ओस पडलंय. खिडकीत अभ्यासू विद्यार्थी रोबेर्तो, कायद्याचाच. (इथे थांबलो. त्रँतिन्याँ एक्समध्ये राहिला असता तर हाच.) खाली लान्चा आउरेलिया गाडीत व्हित्तोरियो गासमनचा ब्रुनो, फोन कुठे करता येईल म्हणून विचारतोय. त्या क्षणापासून पुढे दीड दिवस ब्रुनो बोलतो, गाडी हाकतो, हॉर्न वाजवतो, आणि रोबेर्तो शेजारी बसतो.

शेजारी बसण्यात रोबेर्तोचं मनातलं बोलणं आपल्याला ऐकू येतं. उतरावं का, नको, आता सांगतो, जाऊ दे. आणि तो मनातला आवाजसुद्धा दुसऱ्या नटाचा! माणसाचे विचारसुद्धा परक्याच्या गळ्यातून. तरी ते त्याचेच वाटतात, कारण विचार चालू असताना चेहऱ्यावर जे चाललंय ते याचं आहे. आधी तोंड उघडतं, मग अर्धवट मिटतं, मग नजर रस्त्याकडे. डबिंगवाल्याला त्यावर फक्त शब्द ठेवायचे होते.

मनातल्या ओळी तिरप्या अक्षरात द्यायची रीत आहे. देवनागरीत तिरपं अक्षर पडद्यावर वाचताना मान वाकडी होते. मी त्या ओळी पिवळ्या केल्या.

शनिवार, ८ जून

'कॉन्फोर्मिस्ता'. बेर्तोलुच्ची, छायाचित्रण स्तोरारो. जंगलातला प्रसंग. प्राध्यापकाला मारेकऱ्यांनी भोसकलं. त्याची बायको, दोमिनिक सांदा, धावत येऊन याच्या गाडीच्या बंद काचेवर हात आपटते, किंचाळते. आत मागच्या सीटवर मार्चेल्लो, म्हणजे आपला त्रँतिन्याँ, फॅसिस्टांचा हस्तक. ओळख आहे, नुसती ओळख नाही, ओढ आहे. काच खाली करत नाही. दार उघडत नाही. तोंडसुद्धा फिरवत नाही, ती सोय त्याने घेतली असती तर बघणाऱ्याला सुटल्यासारखं झालं असतं. तो तिच्याकडे बघतो आणि बसून राहतो.

तुकडा तीन मिनिटांचा, तिथे सबटायटल एकही नाही. फाइल रिकामी जोडली. चुकून राहून गेलं असं वाटू नये म्हणून फाइलीच्या नावात 'मुद्दाम' असं लिहिलंय.

या सिनेमाचं काम चालू असताना रोममध्ये त्याची तान्ही मुलगी पोलिन पाळण्यातच गेली. पुढे तिची आई, दिग्दर्शक नादिन त्रँतिन्याँ यांनी त्या दुःखावर १९७१ साली सिनेमा केला, देनव आणि मास्त्रोयान्नींना घेऊन. थोरली मुलगी मारी नामवंत अभिनेत्री झाली, बापाबरोबर रंगमंचावर अपोलिनेरच्या कविता म्हणायची. २००३ साली व्हिल्नियसमध्ये जोडीदाराने केलेल्या मारहाणीत तीही गेली. हे भाषणात घ्यायचं की नाही, ठरवलेलं नाही. मुलींच्या मरणाचा उपयोग करून बापाच्या चेहऱ्यावर दुःख शोधत बसायची एक घाणेरडी सवय लेखांमधून दिसते. मलाही आज ते करावंसं वाटलं होतं, म्हणून इथे लिहून ठेवतो.

गुरुवार, १३ जून

'रूज'. जिनिव्हा. निवृत्त न्यायाधीश शेजाऱ्यांचे फोन चोरून ऐकत बसलेला. इरेन जाकोबच्या गाडीखाली त्याची कुत्री सापडते. ती दारात येऊन सांगते, हा ढिम्म. ती चिडून विचारते, तुमच्या मुलीला मी उडवलं असतं तरी तुम्ही असेच राहिला असता?

"मला मुलगी नाही, मादमॉझेल."

वेळा बसवताना ही ओळ पंधरावीस वेळा ऐकावी लागली. 'मादमॉझेल'चं 'बाई' करून पाहिलं, 'ताई' करून पाहिलं, 'पोरी' करून पाहिलं. शेवटी काढूनच टाकलं. "मला मुलगी नाही." तीन शब्द. आणि शनिवारचा प्रश्न सुटला : भाषणात काहीही बोलायचं नाही. ज्याला माहीत आहे तो ऐकेल.

इथे आवाज त्याचा स्वतःचा, तेव्हा वय साठीच्या पुढे. घशाशी वाळू असावी तसा, पण दबका, समोरच्याने पुढे झुकून ऐकावा इतका. त्याच्या पुढच्याच वर्षी एका सिनेमात त्यानं काचेच्या टाकीतल्या मेंदूला नुसता आवाज दिला. चेहराच नाही! माझ्या कण्याचं दुसरं टोक. तुकडा घ्यायचा मोह झाला, वेळ नाही.

रविवार, १६ जून

'आमूर'. हानेकेनं जॉर्जची भूमिका याच्यासाठीच लिहिली. सिनेमापासून तो बरीच वर्षं दूर होता. कानला पाम दॉर (तिथला सर्वोच्च पुरस्कार), पुढे ऑस्कर, आणि २०१३ साली, ब्याऐंशीव्या वर्षी, पहिलं सेझार पारितोषिक. फ्रान्सनं जरा घाई केली म्हणायची.

अंथरुणाला खिळलेली आन, एमानुएल रिवा. वेदनेनं ओरडतेय. जॉर्ज तिचा हात चोळत तिला लहानपणीची गोष्ट सांगतो. मुलांच्या सुट्टीच्या शिबिरात होता. आईशी ठरलं होतं, मजेत असलास तर पोस्टकार्डावर फुलं काढ, नसलास तर तारे. एक दिवस जेवणात नावडता पदार्थ आला, ताट संपेपर्यंत उठायचं नाही असा हुकूम. तीन तास बसला. मग ताप, घटसर्प, दवाखाना, आई काचेपलीकडून हात हलवतेय. कार्डावर तारेच तारे. गोष्टीनं आन शांत होते. मग तो उशी उचलतो.

पदार्थाचं फ्रेंच नाव 'री ओ ले'. दुधातला गोड भात.

'दूधभात' लिहिलं तर प्रत्येक मराठी माणसाला आजी आठवणार. दूधभात नावडणारं पोर आमच्यात नाही, प्रसंग गेला. 'खीर' म्हटलं की सण. 'तांदळाची खीर' म्हटलं की श्राद्ध. सगळ्यांच्या घरी तांदळाची खीर कधी होते ते सगळ्यांना ठाऊक आहे. नेमकी ती त्या प्रसंगात पडद्यावर आली तर पुढचं सगळं आधीच फुटणार. हानेकेनं जे हातचं राखलंय ते मी स्वयंपाकघरातून उघडं पाडायचं?

बाईंना विचारलं. त्या बराच वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या, "'गिळगिळीत गोड भात' लिही. नाव कशाला द्यायला हवं?"

तेच घेतलं. 'गिळगिळीत' शब्द मूळात नाही. पण त्याचा चेहरा तो शब्द म्हणतोय.

बुधवार, १९ जून

काल आनूक एमे गेल्या, 'अँ नॉम ए ऊन फाम'ची नायिका. वय ब्याण्णव. परवा, १७ तारखेला, त्रँतिन्याँला जाऊन दोन वर्षं झाली. दोघांच्या तारखांत एका दिवसाचं अंतर.

'अँ नॉम ए ऊन फाम' मी शेवटी ठेवला होता, कारण सोपा वाटला होता. क्लोद ललूश, १९६६, कानचा तेव्हाचा सर्वोच्च पुरस्कार (विभागून) आणि दोन ऑस्कर. पैसा कमी म्हणून काही भाग रंगीत, काही काळापांढरा, आणि समीक्षकांनी त्यात मोठमोठे अर्थ शोधले. तो रेसर, ज्याँ-लुईच नाव, बायको गेलेली. ती विधवा. मुलं दोव्हीलच्या एकाच शाळेत. मोंते कार्लोची रॅली संपताच तिची तार येते : शाबास, माझं तुमच्यावर प्रेम आहे, आन. आणि हा रातोरात मस्टँग हाकत तिच्याकडे निघतो, वाटेत मोठ्यानं विचार करत की दार उघडल्यावर म्हणायचं तरी काय. काकाचं मोटारवेड इथे कामी आलं. त्याला गाडी खरंच चालवता येते, म्हणून डोळे रस्त्यावर ठेवून तो अभिनय तोंडानं करू शकतो. (पुढे १९८० साली ल माँची चोवीस तासांची शर्यतही तो धावला.)

तारेत फ्रेंच 'व्हू' आहे. म्हणजे 'तुम्ही'. मी सरळ 'तुमच्यावर' लिहिलं होतं आणि खूश होतो. आज बाई म्हणाल्या, "अरे, १९६६ सालची मराठी बाई नवऱ्याला काय म्हणायची?"

अहो. तुम्ही. बरोबर! फ्रेंच कानाला जे अंतर ऐकू येतं, ते आमच्या सत्तरीतल्या प्रेक्षकाला ऐकूच येणार नाही. बाईनं पुरुषाला 'तुम्ही' म्हणणं म्हणजे लग्न होऊन दहा वर्षं झाली. अवघड ओळी तिच्या नाहीतच, त्याच्या आहेत. तो तिला 'तुम्ही' म्हणतो. ते आपल्याकडे कुठला नवरा म्हणतो? मी त्याच्या ओळींत दोन ठिकाणी 'तू' करून ठेवलं होतं, मराठीत सहज वाटतं म्हणून. रात्री एकपर्यंत बसून सगळे 'तुम्ही' केले. एमेबाईंना तेवढं देणं लागत होतो.

शनिवार, २२ जून

हॉलवर चाचणी. पेनड्राइव्ह लावला आणि पडद्यावर मराठीऐवजी प्रश्नचिन्हं! फाइल युनिकोडमध्ये जतन केली नव्हती. ती केली, तर हॉलच्या जुन्या यंत्रावर वेलांटी अक्षराच्या चुकीच्या बाजूला आणि जोडाक्षरं मोडलेली. 'गणिती' तर ओळखूच येईना. घरी येऊन आठही तुकड्यांवर ओळी चित्रातच कायमच्या चढवून घेतल्या. संगणक पहाटे तीनपर्यंत घरघरत होता. खात्रीचा उपाय हाच. पुढच्या वेळी पहिल्याच दिवशी करायचा.

रविवार, २३ जून

झाला. बेचाळीस लोक.

'धंदा?'वर पहिल्याच जनरलला हशा, तिसऱ्याला शांतता. हवं होतं तसंच. 'गणिती आशा'वर एक निवृत्त प्राध्यापक मोठ्यानं "अपेक्षित मूल्य!" म्हणाले. मी हात जोडले.

'कॉन्फोर्मिस्ता'च्या मध्यावर, सांदा काचेवर हात आपटत असताना, मागच्या रांगेतून आवाज : "सबटायटल गेली का हो?" पुढून कुणीतरी "श्श" केलं. मी काहीच म्हणालो नाही.

चहाच्या वेळी एक आजी जवळ आल्या. म्हणाल्या, "तो गाडीतला. बायकोला तुम्ही म्हणतो तो."

"बायको नाही हो ती, आजी. अजून लग्न व्हायचंय."

"मग बरोबर. आमच्या ह्यांनीपण बघायला आले तेव्हा मला तुम्ही म्हटलं होतं." आणि बिस्किट चहात बुडवून गेल्या.

२०१९ साली ललूशनं या दोघांना पुन्हा एकत्र आणलं, तो वृद्धाश्रमात, स्मरण गेलेला, ती भेटायला येते. त्याचं ते शेवटचं काम. ते मी नुसतं तोंडी सांगितलं, तुकडा दाखवला नाही. एकोणिसाव्या तारखेनंतर दाखवावासा वाटेना.

मंगळवार, २५ जून

हिशेब : हॉल, चहा, पेनड्राइव्ह (हा माझ्याकडेच राहील). चुका : 'रूज'मध्ये एक ओळ अर्धा सेकंद लवकर येते, 'सोर्पासो'त 'हॉर्न'चं 'होर्न' राहिलंय, कुणाच्या लक्षात आलेलं नाही.

काकांचा फोन. त्यांना 'सोर्पासो' पुरा बघायचाय. "तो शेवटी मरतो ना रे, शेजारी बसलेला?" हो म्हटलं. "मग आधीचं सगळं दाखव." तारीख त्यांनीच काढली : १५ ऑगस्ट, झेंडावंदन झाल्यावर साडेदहाला. गोष्ट त्याच दिवशी सुरू होते हे मी सांगितल्यावर गडी भलताच खूश.

पुरा सिनेमा म्हणजे हजाराच्या वर ओळी, त्यातल्या बहुतेक गासमनच्या. आज चाळीस झाल्या. रोबेर्तो अजून खिडकीतच आहे.